मॅनेजरचा दहा दिवसांचा कोर्स

४ मार्च
मॅनेजरला लघवीचं इन्फेक्शन. (नाव ह्यांनी ठेवलेलं. बोका काही करत नाही, नुसती देखरेख करतो, म्हणून.) डॉक्टरीणबाई म्हणाल्या, दहा दिवस रोज एक गोळी. चुकवलीत आणि मूत्रपिंडात गेलं तर हातचा जाईल. जमेल ना, असंही विचारलं. मला! ह्यांना आठ वर्षं ब्लडप्रेशरची गोळी दिली, एक दिवस चुकू दिला नाही. शेवटी व्हायचं ते झालं, पण गोळीत कसूर नव्हती. हा तर चार किलोचा.

५ मार्च, सकाळी ७.१५
गोळी दुधात चुरली. दुधाला तोंड लावलं नाही.
७.४०. दुसरी माशात लपवली. मासा खाल्ला. गोळी चाटूनपुसून ताटलीत ठेवली.
८.०५. तीच घेऊन बोका टॉवेलमध्ये गुंडाळला. टॉवेल फाटला. गोळी सापडत नाही, म्हणजे पोटातच गेली असणार.

६ मार्च
लायब्ररीतून मांजरांवरचं पुस्तक आणलं. एका बैठकीत संपवलं. शाळा सातवीत सुटली, पण वाचून मला काय जमत नाही? वाचण्याच्या नादात आजची गोळी राहिली.

७ मार्च
पान ६१. जबडा उघडा, गोळी जिभेच्या मागे, तोंड मिटून गळा चोळा. जमलं! गिळली आणि थेट ह्यांच्या खुर्चीत जाऊन बसला. हेही गोळी घेतली की तिथेच पेपर उघडायचे. दोघेही गुणी.

९ मार्च
नणंदबाईंचा फोन. म्हणाल्या, वहिनी, नंतर तोंड उघडून बघता का? दादा लहानपणी गोळी गालात धरायचा, आईची पाठ वळली की बाहेर. मी म्हटलं, ते लहानपणी. लग्नानंतर माणूस सुधारतो. त्या उगाचच फार वेळ हसल्या.

११ मार्च, दुपारी
मॅनेजर सारखा वाळूच्या पेटीत जाऊन बसतो, थेंबभर करतो, उठतो, परत बसतो. औषध लागू पडत असणार. मलाही एका जागी बसवेना. चारदा खाली जाऊन आले, काम काहीच नव्हतं. आज गळा दुप्पट चोळला.

१३ मार्च
लघवीत रक्त. दवाखान्यात न्यायला टोपली आणली, तर खुर्चीच्या गादीत नखं रोवून बसला. ह्यांच्या माघारी ती गादी कुणाला हलवू दिली नव्हती. आज बोक्यासकट ओढली.
फटीत पांढऱ्या गोळ्या. सहा.
त्यांच्या खाली गुलाबी. घरात गुलाबी गोळी एकच माणूस घ्यायचा.
त्या मोजल्या नाहीत.

१४ मार्च
इंजेक्शनं सुरू. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, थोडक्यात वाचला, आता रोज घेऊन या. घरी गोळ्या कोण देत होतं, विचारलं.
मी म्हटलं, ज्याला गोळी देता येते, असं घरात कुणी नाही.