जनपद सभेच्या गठ्ठ्यातला अर्ज

नागपूर,
९ फेब्रुवारी १९९७

बाबांच्या पायाशी मोहिनीचा नमस्कार.

बांधलेलं सामान आता सोडजा. आपलं घर शाळेच्या जागेवर अतिक्रमण हाय म्हणून जी नोटीस आली, ती आता टिकत नाई. कागद सापडला. फोन मुद्दाम नाई केला. किराणा दुकानातल्या फोनवर बोललं की अर्ध्या रोहणा गावाले तुमच्या आधी समजते.

आपण सारे जिल्हा परिषदेचेच कागद धुंडून राह्यलो होतो. इथल्या सरकारी रेकॉर्ड रूममधले म्हातारे बाबू तानबाजी हासले. म्हणे, "पोरी, बासष्टच्या आधी जिल्हा परिषद होती कुठं? तवा खेड्यातल्या शाळा जनपद सभेच्या होत्या." मंग त्यायनं आर्वीच्या जनपद सभेचा गठ्ठा सोडला, अन् त्यात तुमचा अठ्ठावन सालचा अर्ज निघाला. शाळेले दीड एकर दान, कोपऱ्यातली घराची जागा सोडून. खाली सभेची मंजुरी.

पुढच्या सोमवारी, सतरा तारखेले, मी शिक्क्याची नक्कल घेऊन येईन. ज्यायनं नावं ठेवली त्यायले दाखवजा, पण भांडू नोका. बीपीच्या गोळ्या घेऊन राह्यले ना? आई दर पत्रात एवढंच लिहिते, "बाबा बरे हायेत", म्हणूनच विचारलं.

एक गोष्ट मले कधी सांगितली काऊन नाई? अर्जात शेवटी तुमच्याच अक्षरात हाय, "पुढे मला मुलगी झाली, तर तीही याच शाळेत शिकेल." तवा तर तुमचं लग्नबी झालं नव्हतं, बाबा.

तुमची, त्याच शाळेत शिकलेली,
मोहिनी