मत त्यांचं, ड्यूटी तुमची

बाबा, तुमच्या पक्षाबद्दल लिहायला बसले आहे. तुमचा म्हणजे खरं तर कॉम्रेड काकांचा. सान मारिनो नावाचा एका डोंगरावर मावणारा देश, त्या देशातला एक चिमुकला डावा पक्ष, आणि त्याची विलायतेतली शाखा कुठे, तर हाउन्सलोमधल्या आपल्या स्वयंपाकघरात. शाखेत माणसं दोन. काका त्याच डोंगरावरचे, आणि दुसरं नागपूरचं, ज्याला तो देश नकाशात शोधायला भिंग लागायचं. आई म्हणायची, "पक्ष दोघांचा, पण चहा अख्ख्या मोर्चाला पुरेल एवढा." तुम्ही हसायचात आणि आणखी एक कप मागायचात.

विमानात जाणारं जेवण जिथे बनतं त्या मोठ्या किचनमध्ये तुम्ही दोघं शेजारी शेजारी उभे राहायचात, काका भट्टीवर आणि तुम्ही भातावर. त्यांचं इंग्लिश तुमच्याहून मोडकं, म्हणूनच तुमचं जमलं असावं. रविवारी ते येत आणि गावाकडून आलेलं पक्षाचं पत्रक मोठ्याने वाचून समजावत. तुम्ही पोळ्या लाटत ऐकायचात. त्यांच्याकडेही तव्यावर मैद्याची जाडसर पोळी भाजतात हे कळलं तेव्हा तुम्ही आईला म्हणालात, "अगं, पोळी खाणारे लोक आहेत. आपलेच." पत्रकात असायचं काय, तर डोंगरावरच्या शाळेची बस, कारखान्यातल्या बायकांच्या पाळ्या. पण तुम्ही इतक्या तावातावाने बोलायचात की ती बस आपल्याच दारात थांबणार आहे असं वाटावं.

त्या देशाचा एक नियम होता. बाहेर राहणाऱ्याला मत द्यायचं तर त्याने घरी यायचं, पोस्टाने पाठवलेलं चालत नाही. म्हणून दर निवडणुकीला काका बॅग भरायचे आणि त्यांची शिफ्ट तुम्ही करायचात. सकाळची तुमची, दुपारची त्यांची. घरी येऊन गरम पाण्यात पाय सोडून बसायचात, आणि चेहऱ्यावर मुलीचं लग्न लावून आल्याचं समाधान. "मत त्याचं, ड्यूटी माझी," असं म्हणायचात. "म्हणजे अर्धं मत आपलं." पक्ष दर वेळी सपशेल आपटायचा. त्याचं तुम्हाला काही वाटायचं नाही.

मला मात्र सगळ्याचंच वाटायचं. तुम्ही दोघं बसमध्ये वरच्या डेकवर पक्षाचं गाणं म्हणायचात, तेव्हा मी खालच्या डेकवर जाऊन उभी राहायचे. लेस्टरला माझ्या ग्रॅज्युएशनला तुम्ही सूटवर काकांनी दिलेला पक्षाचा लाल रुमाल गळ्याला बांधून आलात. मैत्रिणींचे आईवडील समोर होते. मी हळूच म्हटलं, "बाबा, काढा ना ते, प्लीज." तुम्ही तो सोडलात. रुमालाची नीट घडी केलीत आणि खिशात ठेवलीत. त्या दिवसाच्या सगळ्या फोटोंत तुमचा गळा मोकळा आहे.

मग तुम्ही दोघंही रिटायर झालात. काकांना डोळ्यांनी जेमतेम दिसायचं, तुमची बायपास झालेली. निवडणूक लागली तेव्हा तुम्ही मला वॉटफर्डला फोन केलात. तुमच्या आवाजात एक लाडीगोडी होती, ती मला नवीन होती. "या वेळी शिफ्ट नाही गं करायची. मीही जाणार आहे. इतकी वर्षं ड्यूटी दिली, ते मत पडतं तरी कुठे ते बघू दे. पण डॉक्टर म्हणतो, बरोबर कुणीतरी तरुण हवं. शनिवारी निघायचं, सोमवारी परत. येशील?" मी म्हटलं, "बाबा, वीकएंडला आमच्या सॉफ्टवेअरचं रिलीज आहे, ऑफिसमधून हलता येणार नाही. आणि एका मताने असा काय फरक पडणार आहे?" तुम्ही म्हणालात, "बरं, काम महत्त्वाचं."

सोमवारी संध्याकाळी मी हाउन्सलोला घरी आले. फोन स्पीकरवर आहे, पलीकडे सान मारिनोच्या चौकात बँड वाजतोय, माणसं ओरडतायत. पक्षाचा एक माणूस निवडून आला होता, काकांच्या हयातीत पहिल्यांदा. तिकडून कुणीतरी काकांना नावाने हाका मारत होतं आणि काका फोन तोंडाशी धरून "मी इथे आहे, मी इथे आहे" असं त्यांच्या भाषेत ओरडत होते, रडत होते. तेवढं मलाही कळलं. तुम्ही समोर बसला होतात. आपल्याच किचनमध्ये, घरच्या सदऱ्यावर, गळ्यात तो लाल रुमाल. मला बघून हसलात. "तुझं खरं झालं गं. एका मताने काही अडलं नाही." तुम्ही टोमणा मारला असतात तर मी भांडले असते. पण तुम्ही मनापासून म्हणालात, आणि माझ्यासाठी चहा ठेवायला उठलात.

त्याच थंडीत तुम्ही गेलात. क्रिमेटोरियममध्ये काकांनी माझ्या खांद्याला धरून ते गाणं म्हटलं, हळू, फुटलेल्या आवाजात. आणि मी, तुमची मुलगी, तेव्हासुद्धा मागे वळून पाहिलं, कोण बघतंय का ते. याची मला अजून शरम वाटते. आता काकाही नाहीत, नाहीतर हे त्यांना तरी वाचून दाखवलं असतं. आईला नाही दाखवणार. तिला वाटतं, तुम्हाला न्यायची माझी फार इच्छा होती.

रिलीज शुक्रवारी दुपारीच पुढे ढकललं होतं, बाबा. तिकिटं मिळत होती, मी पाहिलं होतं. तुम्ही दोघं विमानात गाणार, हे मला माहीत होतं. मी घरी राहिले आणि पडदे धुतले.