रुखवतातले दोन आरसे

कडाव, ता. कर्जत
११ डिसेंबर १९६९

रा. रा. भिवाजी व्याही, मु. खालापूर, यांस हिरूचा रामराम. आम्ही इकडे बरे आहोत. तुमचा गुडघा कसा आहे? भात झोडून झालं. धाकटी म्हैस व्यायला आली आहे, त्यामुळे माझा जीव सारखा गोठ्यात. आमची कारभारीण धोंडूबाई म्हणते, “म्हशीला काय नाय होत, तुमीच आटाल.”

मैनेबद्दल विचारलं त्यावर तुमचा निरोप मिळाला, की मुलगी दिली ती दिली, आमच्या घरात विधवेचा पाट लावून दुसरं लग्न करत नाहीत. त्यालाच हे उत्तर. मी चार बुकं शिकलेला माणूस, चुकलंमाकलं सांभाळून घ्या.

तुमच्या मैनेच्या लग्नात तुम्ही रुखवतात दोन आरसे मांडले होते. तुमच्या आईने तेव्हा सांगितलं होतं, थोरला मनातलं दाखवतो, धाकटा पुढचं. आणि पुढचं म्हणजे होईलच असं नाही, होऊ शकेल ते. आम्ही हसलो. आरसे नवराबायकोच्या खोलीत गेले. त्यांनी त्यात काय पाहिलं ते आम्हाला कधी सांगितलं नाही. मग आमचा मोरू साप डसून गेला आणि रिवाजाप्रमाणे आरसे भिंतीकडे तोंड करून टांगले. सुतक फिटल्यावर ते सुलटे करायचे असतात. घरात कुणाचाच हात उठला नाही.

या दिवाळीला चुना लावताना धोंडूबाईने ते अंगणात आणले. पुसताना ती थोरल्यात डोकावली, तर तिच्या तोंडामागे ताटलीभर तळलेले बोंबील. त्या दिवशी एकादशी!

“काय गं हे?”

“मनात आले, तोंडात नाय घातले!” म्हणून ती माझ्यावरच उखडली.

इतक्यात पदू आला. हा भिसेगावचा, सायकलवरून आमचं दूध नेतो. त्याची बायको बाळंतपणात गेली, मूलही नाही. मुंडासं नीट करायला तो थोरल्या आरशापुढे वाकला आणि आरशात मैना दिसली, मान वर करून हसताना. मोरू गेल्यापासून तिला तसं हसताना मी पाहिलं नव्हतं. पदूने मला मागे उभा पाहिलं मात्र, किटली तिथेच टाकून पळाला.

मी मैनेला हाक मारली. ती पदर ओढून आरशापुढे उभी राहिली. आत सायकल आली, मागच्या क्यारियरवर गोधडीची घडी बांधलेली, कुणीतरी बसावं म्हणून.

“मग, मैने?”

“मग काय मामंजी? तुमची पेज कोन करनार?”

“ते इचारलं नाय मी.”

“पन मी तेच इचारते.”

खरं सांगतो, मला बरं वाटलं. त्या उत्तरावर मी दोन दिवस निवांत जेवलो. मग धीर करून धाकटा आरसा हातात घेतला. त्यात मैना दिसली, केस पिकलेले, आमच्याच चुलीपुढे एकटी. आम्ही दोघं कुठेच नव्हतो. आरसा जरा कलता केला तर तीच मैना, कपाळाला कुंकू, भिसेगावच्या दारात उभी राहून दूध सांडल्याबद्दल पदूला झापते आहे. आणि इकडे मी पेज करपवतोय, धोंडूबाई नाकाला पदर लावून बसली आहे.

थोरल्यात मी स्वतः पाहिलं का, असं तुम्ही विचाराल. हे लिहायचं नव्हतं. पाहिलं. वाटलं होतं मोरू दिसेल. दिसले मैनेचे हात. भाकरी थापणारे, शेण काढणारे, माझ्यापुढे ताट सरकवणारे. तोंड नव्हतंच. काच पुसून पुन्हा पाहिलं, तरी नुसते हात. सगळ्या गावाला सांगत होतो, सून नाही, लेक आहे माझी.

तेव्हापासून पेज करायला शिकतोय. करपते, पण पोट भरतं.

व्याही, तुम्ही लोकांना भिता. भिण्यात माझा हात कुणी धरणार नाही, पण या बाबतीत मी भीत नाही. आपल्याकडे पाट लावायचा तर रात्री, वेशीबाहेर, सवाष्णींनी तोंड बघायचं नाही. मी तसा लावणार नाही. मैना आणि पदू दोघं राजी आहेत, येत्या सोमवारी, लख्ख उन्हात, आमच्या अंगणात लावणार. धोंडूबाई सवाष्ण आहे, तीच मैनेला कुंकू लावील. काल मैना रडायला लागली तर धोंडूबाई म्हणाली, “रडतेस काय गं, भिसेगाव काय लांब हाय? जाताना त्या पदूला एवढं सांग, पळताना किटली घेऊन पळत जा म्हनावं.” मैना रडता रडता हसली. तेच हसणं, आरशातलं.

तुम्ही आला नाहीत तर तिच्या बापाच्या जागी मी उभा राहीन, आणि मला ते जमेल. पण मैना अंगणात येईल तेव्हा आधी खालापूरच्या रस्त्याकडे बघेल, हे सांगायला मला आरसा लागत नाही.

सोमवारनंतर आपण व्याही राहणार नाही. मग एकमेकांना काय म्हणायचं, ते समोरासमोर बसून ठरवू.

सोमवारपर्यंत तुमचा व्याही,
हिरू