डॉन आन्सेल्मोंचे निसटलेले शब्द

शुगर लँड,
टेक्सस, ३ ऑगस्ट २०२५

चि. कांचन हिस,

ताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि., फोन केला की सई स्पीकर लावते आणि लेकीच्या राज्यात सगळं घर ऐकतं, म्हणून हे पत्र.

सईच्या शेजारी डॉन आन्सेल्मो राहतात. घाबरू नकोस, त्यांच्यात डॉन म्हणजे आपल्या ‘राव’सारखं. वय एकोणऐंशी. मेक्सिकोत गुरांच्या बाजारात गाता गाता रेडिओवर पोचले, मग सिनेमात. घोड्यावर बसता येतं का विचारल्यावर बेधडक हो म्हणाले आणि पहिल्याच शॉटला पडले. दिग्दर्शकाला ते पडणंच आवडलं. पुढे बत्तीस सिनेमे केले, सगळे गात गात.

परवा सकाळी मी मागच्या अंगणात रियाज करत होते. वरचा सा लावला, तर कुंपणापलीकडून त्यांनी तोच सूर धरला. मी सोडेना, ते सोडेनात. शेवटी माझाच दम संपला. अडुसष्टाव्या वर्षी इतकी हसले की सई धावत बाहेर आली.

त्यांची मुलगी नीना सांगते, सहा वर्षांपूर्वी स्ट्रोक आला तेव्हापासून ते स्टेजवर गेलेले नाहीत. आवाज शाबूत आहे, शब्द निसटतात. चौदा सप्टेंबरला इथल्या मेक्सिकन मंडळींचा कार्यक्रम आहे, ट्रम्पेट-गिटारवाल्यांचा मोठा बँड येणार आहे. ते नाही म्हणतायत. मी मात्र नीनाला सांगून टाकलंय की ते गातील.

अरुणरावांना नमस्कार. लोभ आहेच, तो वाढव.

तुझी,
सुमित्राताई

*

वेस्ट विंडसर, न्यू जर्सी,
१२ ऑगस्ट २०२५

ती. ताईस,

कांचनचा सा. न. वि. वि., तुझ्या डॉनचा एक सिनेमा नेटवर सापडला. छातीत गोळी लागल्यावर हा माणूस तीन कडवी म्हणतो आणि मग मरतो. मी दोनदा पाहिला. ते दिसायला इतके देखणे होते हे तू लिहिलं नाहीस, याची नोंद घेतली आहे.

पण ताई, त्यांना भीती वाटत असेल तर ओढू नकोस गं. नागपूरच्या शाळेत तू पोरांना हट्टाने गायला उभं करायचीस, ती दहा वर्षांची होती. हजार लोकांसमोर यांचा शब्द गेला तर ते अंगणातलं गाणंही बंद करतील.

रागावू नकोस, माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझीच,
कांचन

*

शुगर लँड,
१५ सप्टेंबर २०२५

चि. कांचन हिस,

अनेक आशीर्वाद. वि. वि., तुझं बरोबर होतं. मी जाऊन त्यांची माफी मागितली आणि विषय सोडला. आठवड्याने तेच दारात उभे. नीनाकरवी म्हणाले, शब्द द्यायला समोर बसणार असाल तर गाईन.

मी त्यांची चार स्पॅनिश गाणी वहीत देवनागरीत उतरवली. अर्थ कळत नव्हता. ते अडले की पुढचा शब्द हळूच द्यायचा, एवढंच काम.

काल दुपारी पैठणी नेसून पहिल्या रांगेत बसले. दोन गाणी छान झाली. तिसऱ्यात ते थांबले. बँड तीच ओळ फिरवत राहिला, ते नुसते माझ्याकडे बघत राहिले. हळूच सांगायचं होतं गं, पण माझ्या तोंडून अख्खी ओळच सुरात बाहेर पडली, खड्या आवाजात. सगळा हॉल वळला. सई खुर्चीत खाली सरकली. डॉन आन्सेल्मो मात्र हसले, पुढची ओळ उचलली आणि हात करून मला वर बोलावलं. कांचन, मी गेले. ट्रम्पेटवाल्यांच्या मधोमध उभी राहून गायले. लोक उभे राहून शिट्ट्या मारत होते, मलाही मारावीशी वाटली. अर्थ नीनाने नंतर सांगितला. मी हजार लोकांना छाती पुढे काढून सांगत होते की पिऊन घोड्यावरून तुझ्या दारी आलोय, खिडकी उघड.

चौथं गाणं त्यांनी एकट्याने म्हटलं. एकही शब्द अडला नाही. मी शेजारी वही मिटून उभी. खाली उतरल्यावर नीनाकरवी म्हणाले, सहा वर्षं मी अडलो की सगळे दयेने गप्प बसायचे, आज पहिल्यांदा कुणीतरी गात राहिलं.

नोव्हेंबरात सॅन अँटोनिओचं बोलावणं आलंय. मी परतीचं तिकीट पुढे ढकललं. कधीपर्यंत, असं सईने विचारलं. म्हटलं, त्यांची अजून तेवीस गाणी उतरवायची आहेत.

तुझा जीव माझ्यावर आहे, तो असाच राहू दे.

तुझी,
सुमित्राताई