सातशे एकोणीसचा डबा

जुळे सोलापूर,
सोमवार (तुझी आई कामावर गेल्यावर)

चि. संस्कृती हिला तिच्या आजीचे पोटभर आशीर्वाद.

इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत. म्हणजे माझा उजवा गुडघा, तुझ्या बापाचं पित्त आणि वरच्या मजल्यावरच्यांची गळकी टाकी सोडली तर खुशाल. तुझ्या तब्येतीची चौकशी करायची रीत आहे म्हणून करते. नाहीतर काल फोनवर तू ज्या जोरानं रडलीस, त्यावरून तुझी छाती आणि घसा दोन्ही ठणठणीत असल्याचं सगळ्या अपार्टमेंटला कळलंय. (फोन स्पीकरवर होता. तुझ्या आईला स्पीकर लावता येतो, बंद करता येत नाही.) रविवारचा दहा मिनिटांचा फोन, त्यातली नऊ मिनिटं तुम्ही मायलेकी रडलात, उरलेलं एक माझ्या वाट्याला आलं आणि त्यात तू एवढंच म्हणालीस, "आज्जी, इथं मला कुणी नावानं हाकच मारत नाही गं. सातशे एकोणीस म्हणतात. मी परत येते की." आणि फोन बंद. माझं उत्तर द्यायचं राहिलं, म्हणून हे पत्र.

खरं सांगते, काल मला जेवण गेलं नाही. तू मिलिटरी पोलिसात गेलीस ती माझ्या भरीला पडून. तुझा बाप नको म्हणत होता, तुझी आई देव पाण्यात घालून बसली होती, आणि मी एकटी म्हणत होते, जाऊ द्या, आजोबांवर गेलीय पोरगी. वर्षभर सकाळी तू मैदानावर धावायचीस आणि मी कट्ट्यावर पाण्याची बाटली धरून फेऱ्या मोजायचे. (दोनदा मी मोजताना चुकले आणि तू एक फेरी जास्त धावलीस. आज कबूल करते.) तेव्हा तू रडत परत आलीस तर तो दोष माझा, आणि तिथंच राहून रडत बसलीस तर तोही माझाच. कुठूनही धरलं तरी विस्तवच. म्हणून आधी माझं ऐक, मग काय ते ठरव.

नंबर कसा लिहायचा, कुठं लिहायचा, हे तुला तिथले उस्ताद शिकवतील. पण नंबराशी नांदायचं कसं हे त्यांना काय माहीत? मी पंचेचाळीस वर्षं २७६३४०८ पी यांच्याशी संसार केलाय.

लग्न झालं आणि पंधराव्या दिवशी तुझे आजोबा परत पलटणीत गेले. जाताना एका चिठ्ठीवर पत्ता लिहून दिला, आधी नंबर, मग हुद्दा, मग नाव, मग पलटण, मार्फत ५६ ए.पी.ओ. मी वैरागची सातवी पास, अक्षर असं की गुरुजी पाटीवरचं पुसू द्यायचे नाहीत. पण पाकीट लिहायला बसले आणि अडले. जे नाव तोंडानं घ्यायचं नाही ते हातानं तरी कसं लिहायचं? वळसंगात माझ्या सासूबाईंना विचारावं तर त्यांना मराठी बेताचं आणि मला कन्नड अजिबात नाही. आम्ही दोघी त्या पाकिटाकडं बघत बसलो. शेवटी मी नाव तेवढं गाळलं आणि बाकीचं सगळं उतरवून पाकीट पेटीत टाकलं. आता पलटणीत त्यांच्याच नावाचे आणखी दोघे होते. (आपल्या भागात त्या नावाला काय तोटा. जत्रेत एक हाक मारली तर दहा जण वळून बघतात.) त्या दोघांच्या घरचे नुसतं नाव लिहायचे, नंबराचा कंटाळा करायचे. त्यामुळं एकाच्या म्हशीची खबर दुसऱ्याला जायची, आणि एकदा तर एकाला मुलगा झाला म्हणून दुसऱ्यानं पलटणीत पेढे वाटले. त्याचं अजून लग्नसुद्धा झालं नव्हतं. माझं बिननावाचं पाकीट मात्र आठव्या दिवशी बरोब्बर आजोबांच्या हातात. टपाल वाटणारे हवालदार पण सोलापूरकडचेच, ते सगळ्यांसमोर ओरडले म्हणे, "ए चारशे आठ, घरात तुला नाव न्हाई व्हय रं?" आजोबा लाजले, पण पुढं अठरा वर्षं त्यांनी मला कधी नाव लिही म्हटलं नाही.

आणि नंबराच्या शेवटी जे अक्षर असतं ना, ते शोभेचं नाही हं. आजोबांनी मला ते एकदा भाकरी थापताना समजावलं होतं. पुढच्या आकड्यांचा काही हिशेब करून ते अक्षर काढतात. कारकुनानं तीनच्या जागी आठ लिहिला की अक्षर जुळत नाही आणि चूक उघडी पडते. मी म्हटलं, म्हणजे बायकोच की. पुढं सात जण रुबाबात उभे आणि मागून एकटी सगळ्यांवर नजर ठेवून. ते इतके हसले की भाकरी करपली. (बोलणी मलाच बसली, सासूबाईंची, कन्नडमधून.)

मग ते पहिल्यांदा मला क्वार्टरमध्ये घेऊन जाणार म्हणून आम्ही सोलापुरात भांडी घ्यायला आलो. आजोबा तिकिटाच्या रांगेत उभे, मी एकटी दुकानात. भांड्यांवर नाव घालणाऱ्यानं विचारलं, "काय नाव घालू, वहिनी?" रीत अशी की नवऱ्याचं नाव घालायचं. तो हातात यंत्र घेऊन वाट बघतोय, मागं गिऱ्हाइकं खोळंबलेली. मी डोळे मिटले आणि घडाघडा नंबर म्हटला. तांब्या, पेले, परात, दोन पातेली आणि पुरणाचा डबा, सगळ्यांवर २७६३४०८ पी. तू लहानपणी ज्या पेल्यानं दूध प्यायचीस, त्यावर बोट फिरवून आकडे शिकलीस, तो त्यातलाच.

या भांड्यांनी पुढं जो घोटाळा केला तो तुला अर्धाच माहीत आहे, कारण तुझी आई तो विषय निघाला की उठून जाते. ती नवी नवरी होऊन आली तेव्हा आपल्याकडं फोन आला होता, पण तिला नंबर पाठ नव्हता. विचारायची लाज वाटली असेल. परातीवर सात आकडे दिसले, सोलापूरचे फोनही सात आकडीच, तिनं शहाणपणानं तो उतरवून मोहोळला माहेरी पाठवला. शेवटचा 'पी' कोरणाऱ्याची चूक समजून सोडून दिला. (बायकोला वगळलं की असं होतं.) तुझे मोहोळचे आजोबा रोज संध्याकाळी फोन लावायचे, "पोरगी हाय का घरात?" तो नंबर निघाला गुलबानो आपांचा. पहिल्या दिवशी त्यांनी राँग नंबर सांगितलं, दुसऱ्या दिवशीही सांगितलं. तिसऱ्या दिवशी म्हाताऱ्याचा आवाज रडवेला झाला, तेव्हा आपांच्या मनात आलं, बिचाऱ्याची लेक हरवली असेल, डोक्यावर परिणाम झाला असेल. तेव्हापासून रोज सांगायच्या, "हां हां, अच्छी है तुमची पोरगी, जेवून सोयी है." सव्वा महिना तुझी आई रोज संध्याकाळी सातला जेवून झोपत होती. मोहोळला काळजी पडली, पोरीला काही झालंय काय, आणि व्याही तडक दारात हजर.

सगळा उलगडा झाल्यावर आजोबा पलटणीचा कोट घालून माफी मागायला आपांच्या घरी गेले. आपा म्हणाल्या, "भाईजान, मेरे घर का नंबर तुमच्या परातीवर कैसे?" आजोबा ताठ उभे राहून म्हणाले, "बाई, नंबर आदी माजा हाय, चौऱ्याहत्तर सालापासनं. फोन तुमच्याकडं मागनं आलाय." त्या दिवसापासून आपा आपल्या झाल्या. दर ईदला शिरखुर्मा ज्या डब्यातून येतो तो पुरणाचा डबा आपलाच आहे, तिकडंच राहतो, त्यावर दोन्ही घरांचा नंबर आहे म्हणून कुणी मागत नाही.

आता एक कडक सूचना. नंबर अनोळखी माणसाला फोनवर सांगू नको, स्टेटसला टाकू नको, आणि आजोबांसारखा सगळीकडं वापरू नको. त्यांनी एटीएमला शेवटचे चार आकडे ठेवले, बॅगेच्या कुलपाला तेच, तुझ्या सायकलीलाही तेच. घरातल्या सगळ्यांना ठाऊक, दूधवाल्यालाही ठाऊक. माणूस भोळा होता गं.

पुढचं तुला कुणी सांगितलेलं नाही, कारण तुझी बारावीची परीक्षा चालू होती. शेवटच्या आजारात त्यांना माणसं ओळखू येईनात. तुझा बाप समोर उभा राहिला तर 'राम राम साहेब' म्हणाले. मला तर नर्स समजून पाणी मागायचे. मग दोन दिवस तेही नाही, नुसते डोळे मिटून. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "आजी, तुम्ही मोठ्यानं नावानं हाक मारा, ओळखीच्या आवाजाला पेशंट ओ देतात." मी कॉट धरून उभी. तोंड उघडलं, नाव काही बाहेर येईना. पंचेचाळीस वर्षांची सवय, जीभच वळेना. आणि मग काय झालं कुणास ठाऊक, मी त्या हवालदारासारखी ओरडले, "चारशे आठ!" सगळा वॉर्ड दचकला. तुझे आजोबा डोळे न उघडता म्हणाले, "हाजिर है, साब."

मी खाली बसले, त्यांच्या कानाशी तोंड नेलं आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांचं नाव घेतलं. ईरप्पा. हळूच, एकदाच. तर त्यांनी डोळे उघडून माझ्याकडं असं बघितलं, की ही कोण आगाऊ बाई! मग बघता बघता ओळख पटली. मला नावानं हाक मारून म्हणाले, "बजे, लोकं हायत की." ते त्यांचं माझ्याशी शेवटचं बोलणं. मी बाहेर येऊन रडले, आणि थोडी हसलेही, आणि त्या दोन्हींबद्दल आजपर्यंत कुणाला बोलले नाही.

हे सगळं तुला का सांगतेय? तुला वाटतंय, नंबर दिला म्हणजे तुझं नाव काढून घेतलं. वेडे, नाव आम्ही दिलं तेव्हा तू पाळण्यात झोपली होतीस, कुणी तुला विचारलंसुद्धा नव्हतं. तुझ्या वर्गात तीन संस्कृती होत्या. (एकीच्या डब्यातली भाजी तूच खायचीस.) सातशे एकोणीस मात्र तू स्वतः धावून आणलंस, मी मोजलेल्या सगळ्या फेऱ्या धरून, ती जास्तीची धरून. ते तुझ्याआधी कुणाचं नव्हतं आणि तुझ्यानंतर कुणाचं होणार नाही. आणि हाक परकी वाटते ती आपलं माणूस मारत नाही तोवर. आज सकाळी चहा गाळताना मी मोठ्यानं म्हणून बघितलं, "सातशे एकोणीस, ऊठ, चहा झाला." वाईट नाही वाटत. तुझ्या रिकाम्या कॉटकडं बघून म्हटलं, म्हणून थोडं वाईट वाटलं, एवढंच.

जेवत जा. केसांना तेल लाव, जेवढे ठेवलेत तेवढ्यांना तरी. मला तुझी फार आठवण येते.

तुझीच,
आजी

ता.क. आजोबांच्या भांड्यांवर ज्यांनी नंबर घातला, त्यांचा मुलगा मल्लिनाथ आता दुकानात बसतो. परवा त्याच्याकडून तुझ्यासाठी नवा डबा घेतला. पण काल तू रडण्याच्या भरात शेवटचे तीनच आकडे सांगितलेस. आज जाऊन विचारलं तर मल्लिनाथ म्हणतो, आजी, पुढचे आकडे आल्याशिवाय शेवटचे कुठं बसवू? डबा त्याच्या फळीवर तसाच आहे. तेव्हा खरं काम हे, की तुझा पूर्ण नंबर, शेवटच्या अक्षरासकट, पत्रानं कळव. अक्षर विसरू नको, मागं काय झालं ते वर लिहिलंच आहे.

आणखी एक. शेंगाचटणी आणि कडक भाकरी वेगळ्या पार्सलनं पाठवलीय. पाकिटावर आणि पार्सलवर तुझं नावही लिहिलंय आणि सातशे एकोणीसही. दोन्हींतलं एक तरी तुला शोधून काढेलच.

शेवटचं, आणि हे तुझ्या बापाला कळू देऊ नको. वर मी पानंच्या पानं शहाणपण लिहिलंय, पण अगदीच जीव रमत नसेल तर सरळ निघून ये. स्टेशनवर मी रिक्षा घेऊन उभी असेन, कुणी तुला काही विचारणार नाही, विचारलं तर मी आहे. डब्याचं मनावर घेऊ नको. मी मल्लिनाथकडून माप घेऊन आलेय. नुसतं 'संस्कृती' घातलं तरी तेवढ्याच जागेत बसतं.