कोळशाच्या खोलीची कडी

१२ नोव्हें.
मंडळाच्या दिवाळी अंकातल्या माझ्या गोष्टीवर मिताली, भावाची मुलगी, फिल्म करणार. पंधरा मिनिटांची, हिंदीत. “आत्या, कितनी डार्क है!” म्हणे. आधी खूश झाले, हे कबूल.
गोष्टीत भोंडल्याला चार वर्षांची पोर खिरापत काय ते आधीच फोडते. आई चिडून तिला कोळशाच्या खोलीत कोंडते. पोर मरते. खरी पोर, म्हणजे माझी चुलत बहीण नली, भोपाळला आहे. अजून दार लावून झोपत नाही.

१४ नोव्हें.
खरं लिहायचं तर नलीने माझी खिरापत फोडली. मी नऊ वर्षांची. मीच मागून ढकललं, कडी घातली नि पुढच्या क्वार्टरमध्ये भोंडल्याला पळाले. फेर धरता धरता विसरले. दिवेलागणीला सापडली तेव्हा रडून आवाज गेलेला. काकूंना, म्हणजे नलीच्या आईला, जाता-येता कड्या घालायची सवय. म्हणाल्या, “माझ्याच हातून लागली असेल.” मी गप्प. काका पुढे जन्मभर त्यांना ऐकवत राहिले, तरी गप्प. आणि गोष्टीत त्यांनाच राक्षसीण केलं. चोर तो चोर, वर शिरजोर.

१७ नोव्हें.
मि.ने बडा बाजारातल्या इस्त्रीवाल्याकडून पोतंभर कोळसा आणला. वाटेत काकूंची परवानगीही घेऊन आली! नव्वदीच्या काकू म्हणाल्या, “बनाओ बेटा. गलती मेरी थी, लोग देखें.”
नलीला फोन लावला. तिने उचलला. लोणच्याबद्दल बोलले.

२० नोव्हें.
आमच्याच जुन्या क्वार्टरमध्ये शूटिंग. रिकामंच आहे. काकूंना हौसेने खुर्ची टाकून बसवलं होतं. कडी लावणाऱ्या हाताचा शॉट राहिला, आईचं काम करणारी बाई आलीच नाही. मि. म्हणाली, “आत्या, तुम्हारा हाथ दे दो ना.”
दिला. काय करणार? एका झटक्यात लागली कडी. मि. खूश.
काकू म्हणाल्या, “अशीच लावली असणार मी.”
“नाही काकू.” तोंडातून निघूनच गेलं.
मि. ओरडली, “आत्या, बोलो मत, कैमरा चालू है!”
काकूंना कमी ऐकू येतं म्हणतात. पण लगेच म्हणाल्या, “काय नाही गं, माले?”
घरी चहा घेता घेता सांगते म्हटलं. चहा कधीच झाला. काकू समोरच बसल्यात, कप बाजूला सारून. मी मात्र वही उघडून बसलेय. मिटते आता.