अडतीस सेकंद

पिपरी मेघे, वर्धा
११ जानेवारी २०२५

योगेंद्र,

तू बरा असशील असं धरून चालते. मी बरी आहे. थंडी आहे, नळाला एक दिवसाआड पाणी.

तुझ्या फिल्मचा आवाज दुरुस्त करून पेनड्राइव्हवर पाठवतेय. फ्रीजची घरघर काढली, कुत्री काढली. तुझे मुलगा-मुलगी जवळ येतात तिथली कपड्यांची सळसळ कमी केली.

परवा समुद्रपूरहून तुझ्या आईचा फोन आला. त्यांना फिल्म दाखवलीस, मला विचारलं नाहीस.

"काऊन वं आचल, तूच सोडून गेलती म्हणते माह्या पोराले?"

"काकू, सिनेमा आहे तो."

"मंग त्या पोरीच्या अंगावर मी तुले देल्ली ते शाल काऊन हाये?"

शाल तुझ्या बॅगेतून गेली हे मला फिल्म पाहून कळलं. वर्षभर कपाटात शोधत होते.

फिल्ममध्ये ती दार ओढून जाते आणि तो एकटा शांततेत बसून राहतो. ती शांतता तू कुठून आणलीस, योगेंद्र?

वर्षापूर्वीच्या डिसेंबरात, तुझ्या आधीच्या फिल्मसाठी, याच खोलीत पलंगावर बसून मी ती रेकॉर्ड करत होते. रिकाम्या खोलीचा आवाज, साठ सेकंद. तेवढा वेळ कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही. नियम तुलाही माहीत होता. पंधराव्या सेकंदाला तू म्हणालास, "मी मुंबईले चाललो. एकटाच." आणि बाविसाव्या सेकंदाला दार ओढून गेलास. तुझ्या वाक्यासकट तिथपर्यंतचं तू कापलंस. उरलेले अडतीस सेकंद त्या मुलाला देऊन टाकलेस. लोक आता त्याच्यासाठी हळहळतील.

वर मला लिहितोस, "शांततेत कुणाचा तरी श्वास येतोय, तो साफ कर."

कुणाचा तरी!

मी तेव्हा "थांब" म्हणाले नाही. रेकॉर्डिंग चालू होतं. साठ पूर्ण झाल्यावर बटण दाबलं आणि जिन्यापर्यंत धावले. खाली कुणी नव्हतं. हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

श्वास काढलेला नाही. काढणारही नाही. शेवट बदल: तो जाईल, ती बसेल. नाहीतर माझे अडतीस सेकंद परत कर. आणि काकूंना खरं तू सांग, मी सांगणार नाही.

इथेच एका दिवसात शूट होईल. खोली मी सोडलेली नाही, पलंगही तिथेच आहे. फक्त या वेळी आवाज रेकॉर्ड करायला दुसरं कुणी घे. मला बोलायचं असेल तर बोलता आलं पाहिजे.

आभाराच्या यादीतलं माझं नाव काढून टाक.

ध्वनी आणि श्वास,
आचल